भिंगरीच्या नावावरचे तीस टक्के

मी गाडी शिकायला गेले तेव्हा वयाची पंचेचाळिशी ओलांडली होती. शाळेत गणित शिकवत होते. नवरा नोकरीनिमित्त परगावी, सासूबाईंचे गुडघे गेलेले, आणि त्यांना दवाखान्यात न्यायचं म्हटलं की दर वेळी कुणाची तरी मनधरणी करायची. एक दिवस वैतागून ठरवलं, आपणच शिकायचं. आमच्या भागात गाडी शिकायची म्हणजे मास्तरांकडे. त्यांचं खरं नाव पाटीवर लिहिलेलं होतं, पण ते कुणी वाचत नसे.

मास्तर साठीकडे झुकलेले, अंगानं काटकुळे, इस्त्रीचा शर्ट आणि पायात कॅनव्हासचे बूट. समोर कितीही मठ्ठ विद्यार्थी बसलेला असो, आवाज चढायचा नाही. शिकवायच्या गाडीत त्यांच्या पायाशीही एक क्लच आणि एक ब्रेक होता. पहिल्या दिवशी मला स्टिअरिंग दोन्ही हातांनी घट्ट धरून बसलेलं बघून म्हणाले, "बाई, तुमच्या पायाशी तीन, माझ्या पायाशी दोन. तुम्ही गणिताच्या. पाचांतलं एक तरी वेळेवर दाबलं जाईलच की."

त्यांचं सगळं शिकवणं तीन शब्दांत मावायचं: आरसा, इशारा, मान. वळायचं असेल तर आधी आरशात बघा, मग इशारा द्या, मग मान वळवून स्वतःच्या डोळ्यांनी बघा. इशारा म्हणजे नुसता इंडिकेटर लावून भागायचं नाही. खिडकीतून हात बाहेर काढायला लावायचे. मला लाज वाटायची, आजकाल कोण हात दाखवतं? तर म्हणायचे, "दिव्याचं काय सांगता येतंय? आज लागला, उद्या नाही. हात कधी बंद पडत नाही." गल्लीत चेष्टा होती की मास्तरांचा विद्यार्थी झोपेत कूस बदलतानाही आधी हात दाखवतो.

त्यांना एकच मुलगी. सव्वीस वर्षांची, चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायची. तिला सगळे भिंगरी म्हणायचे, कारण ती एका जागी स्वस्थ बसलेली कुणी पाहिली नव्हती. सकाळी मी त्यांच्या दारात मास्तरांची वाट बघत उभी असले, की ही एका हातात डबा आणि दुसऱ्या हातात हेल्मेट घेऊन जिना उतरायची. एकदा मला म्हणाली, "बाई, बाबांनी तुम्हाला रडवलं की नाही अजून? मला दुसऱ्याच दिवशी रडवलं होतं. ओरडत नाहीत ना, म्हणून जास्त रडू येतं." आणि स्कूटर काढून निघून गेली. वळणावर पोचली तेव्हा मागे न बघता तिनं हात हलवला.

माझा सतरावा तास चढावर होता. चढावर थांबलेली गाडी मागे न घसरता पुढे कशी काढायची, ते चाललं होतं. मास्तरांचा फोन समोरच्या खणात ठेवलेला असायचा आणि शिकवताना ते तो कधी घ्यायचे नाहीत. त्या दिवशी तो थांबून थांबून तीनदा वाजला, तेव्हा घेतला. दोन वाक्यं ऐकली असतील, तेवढीच. फोन ठेवला आणि मला म्हणाले, "बाई, गाडी बाजूला घ्या. आरसा. इशारा. मान. हं. आता हँडब्रेक ओढा. गिअर काढा. किल्ली बंद करा."

मी सगळं केलं. मग ते म्हणाले, "माझी मुलगी गेली."

त्यानंतर त्यांना दार उघडता येईना. त्याच गाडीत वर्षानुवर्षं बसलेला माणूस, दाराची कडी कुठे असते ते हातानं चाचपडत राहिला. मी पलीकडे जाऊन दार उघडलं.

पाण्याच्या टाकीजवळच्या चौकात भिंगरी दुकानाच्या रस्त्याला वळत होती. मागून दुधाचा टँकर आला. इस्पितळात आम्ही पोचलो तेव्हा वहिनी, म्हणजे भिंगरीची आई, बाकावर बसल्या होत्या. मांडीवर भिंगरीचं हेल्मेट. त्यावर साधा ओरखडासुद्धा नव्हता. डोक्याला काही लागलंच नव्हतं. वहिनी पुन्हा पुन्हा तेच सांगत होत्या, येणाऱ्या प्रत्येकाला, की डोक्याला काही लागलेलं नाही.

त्या दिवसापासून मी त्या घरची झाले. गाडी शिकणं राहिलं ते राहिलंच. पण कागद वाचायला कुणीतरी हवं होतं. मास्तरांना वाचता येत होतं, पण कोर्टाची भाषा चार ओळींनंतर त्यांच्या डोळ्यांपुढे पोहायला लागायची. वहिनी तर कोर्टाच्या कागदाला हातही लावत नसत. टपालानं आलेलं पाकीट त्या चिमट्यात धरल्यासारखं उचलून फ्रिजवर ठेवायच्या. मग शाळा सुटल्यावर मी जायची आणि वाचून, सोपं करून सांगायची.

अपघाताच्या दाव्यांसाठी वेगळं कोर्ट असतं. तिथे अडीच वर्षं गेली. टँकरच्या विमा कंपनीचा वकील सभ्य माणूस होता, मास्तरांना बसायला खुर्ची द्यायचा. पण त्याचं म्हणणं एकच: मुलगी इशारा न देता वळली. पुरावा काय, तर पोलिसांचा पंचनामा. त्यात लिहिलं होतं की पडलेल्या स्कूटरच्या इंडिकेटरचं बटण बंद स्थितीत होतं.

निकालाच्या दिवशी आम्ही तिघं मागच्या बाकावर बसलो होतो. निकाल आमच्या बाजूनं लागला, पण पुरता नाही. न्यायाधीशांनी भरपाई मंजूर केली, आणि त्यातून तीस टक्के कापले. कारण मृत मुलीनं वळताना इशारा दिला नव्हता, सबब अपघातात तीस टक्के हलगर्जीपणा तिचा स्वतःचा होता.

जिना उतरताना वहिनींनी विचारलं, "संपलं ना आता?"

मास्तर कठड्याला धरून उभे राहिले. "ती इशारा न देता वळली असं लिहिलंय."

"लिहू दे ना. कागदावर लिहिल्यानं ती परत मरणार आहे का?"

"अगं, माझी मुलगी," मास्तर म्हणाले, "इशारा न देता वळेल का?"

वहिनी खाली उतरून बसस्टॉपकडे चालायला लागल्या आणि आम्ही मागून.

नव्वद दिवसांच्या आत वरच्या कोर्टात अपील करायचं असतं. मास्तर अठ्ठ्याऐंशीव्या दिवशी आमच्या वकीलबाईंकडे गेले. मधले दिवस ते काय करत होते ते मला तेव्हा कळलं नाही. वाटलं, खचलेत. वकीलबाईंचं ऑफिस एका छापखान्याच्या माडीवर होतं. खाली यंत्र सुरू झालं की वर टेबलावरचा चहा थरथरायचा. त्या स्पष्टवक्त्या होत्या. म्हणाल्या, "मास्तर, अपील म्हणजे दुधारी सुरी. आपण वाढवून मागितलं की तेही कमी करून मागणार. आहे तेही हातचं जाऊ शकतं. चालेल?"

"मला वाढवून नकोय," मास्तर म्हणाले. "ते तीस टक्के तिच्या नावावरून काढा."

तसंच झालं. विमा कंपनीनंही स्वतःचं अपील टाकलं, की मुलीचा पगार जास्त धरलाय आणि तिचा दोष कमी. दोन्ही अपिलं एकमेकांना बांधून फडताळात पडली, ती साडेतीन वर्षं. मास्तर शिकवत राहिले. केस पूर्ण पांढरे झाले, पण शर्टाची इस्त्री मोडली नाही. फक्त त्या चौकातून ते विद्यार्थ्यांना नेत नसत. कुणी विचारलं तर म्हणायचे, "तिकडे रस्ता खराब आहे." रस्ता उत्तम होता.

मग तडजोडीची बैठक झाली. कंपनी म्हणाली, आम्ही कापलेल्यातले बरेचसे परत देतो, दोघंही अपील मागे घेऊ. वकीलबाईंनी सल्ला दिला, घ्या. वहिनींनी हात जोडले, घ्या आणि संपवा. मास्तरांनी एवढंच विचारलं, "आणि ते वाक्य?"

कंपनीचा अधिकारी गोंधळला. "कुठलं वाक्य?"

"ती इशारा न देता वळली, हे."

"ते राहील तसंच. निकाल काही बदलत नाही ना. पण पैसे तर जवळपास पूर्ण मिळतायत, काका."

मास्तर उठून बाहेर आले. त्या दिवसापासून दोन महिने वहिनी त्यांच्याशी कामापुरतंच बोलल्या. मला म्हणाल्या, "यांना मुलगी नकोय, यांना नापास झालेली विद्यार्थिनी पास करून घ्यायचीय." हे त्या रागानं बोलल्या, आणि लगेच तोंडाला पदर लावला.

सुनावणीची तारीख जवळ आली तशी वकीलबाईंनी मला सगळ्या साक्षींच्या प्रती दिल्या. म्हणाल्या, "तुम्ही पेपर तपासणाऱ्या. एकदा नजर घाला. मी शंभर वेळा वाचलंय, आता मला काही दिसत नाही." मी त्या सहामाहीच्या गठ्ठ्याशेजारी ठेवून वाचल्या. मुलं शेवटच्या पानावर, कोपऱ्यात, कच्च्या कामात कधीकधी बरोबर उत्तर लिहून ठेवतात आणि मूळ जागी चूक उतरवतात. म्हणून मी शेवटचं पान सोडत नाही. टँकरच्या ड्रायव्हरच्या उलटतपासणीचं शेवटचं पान अर्धं कोरं होतं. वर चारच ओळी होत्या. ब्रेक कधी लावला, असं विचारलं होतं. तो म्हणाला होता, "मुलीनं हात बाहेर काढला. मला वाटलं, मला पुढे जा म्हणतेय. म्हणून मी ब्रेक लावला नाही."

त्या वेळी याकडे कुणाचंच लक्ष गेलं नव्हतं. प्रश्न ब्रेकचा होता, सगळ्यांनी उत्तरातला ब्रेकच ऐकला.

मी छत्री न घेता, चपला बदलायचं भान न ठेवता, मास्तरांकडे धावत गेले. ते दारात गाडीचे आरसे पुसत होते. मी म्हटलं, "मास्तर, तिनं हात दाखवला होता. ड्रायव्हरनंच सांगितलंय. हे बघा, लिहिलंय. तुम्ही शिकवलंत तसाच हात दाखवला होता."

मला वाटलं होतं, हा माणूस आज रडेल आणि मोकळा होईल. मास्तरांनी फडकं बॉनेटवर ठेवलं आणि गाडीत, शिकवणाऱ्याच्या जागेवर, जाऊन बसले. मी शेजारी जाऊन बसले. मास्तर म्हणाले, "म्हणजे बटण चालूच झालं नव्हतं."

"कुठलं बटण?"

"स्कूटरचं इंडिकेटरचं बटण अडकत होतं, बाई. नऊ दिवस. ती म्हणाली, बाबा, बदलून द्या ना. जवळच्या दुकानात तो स्विच नव्हता. स्टेशनाजवळ मिळाला असता. मी रोज म्हणायचो, उद्या जातो. रोज विद्यार्थी. शेवटी तिला म्हटलं, तोवर हात दाखवत जा. हात कधी बंद पडत नाही."

मी हातातला कागद उलटा करून मांडीवर ठेवला.

"साडेसहा वर्षं मी मनात म्हणत होतो की तिनं घाईत बटण दाबलंच नसेल. बापाला तेच बरं वाटत होतं. आणि वर कोर्टात सांगत होतो की माझी मुलगी तसं करणारच नाही." ते समोरच्या काचेतून बघत होते. "अपिलाला इतका उशीर का केला, विचारलंत कधी? मला भीती होती, कुणीतरी त्या बटणाचं विचारेल."

दुसऱ्या दिवशी ते वकीलबाईंकडे गेले. मी बरोबर होते. खाली छापखान्याचं यंत्र चालू होतं. मास्तरांनी सगळं सांगितलं आणि म्हणाले, "हे कोर्टाला सांगा. ते तीस टक्के माझे आहेत. तिच्या नावावरून काढा आणि माझ्या नावावर लिहा."

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. एरवी फटकळ बाई, पण त्या दिवशी हळू बोलल्या. "मास्तर, कायद्यात तसा रकाना नाही. आणि अपिलात नवा पुरावा घेत नाहीत. फाइलमध्ये आहे तेवढंच. फाइलमध्ये बटण बिघडल्याचं कुठेही नाही."

"मग खरं काय ते कुणाला सांगायचं?"

"कोर्टाला नाही," त्या म्हणाल्या. "कोर्टाला फक्त एवढंच हवंय, की तिनं इशारा दिला का. तिनं दिला."

सुनावणी चाळीस मिनिटं चालली. वकीलबाईंनी त्या चार ओळी वाचून दाखवल्या. कंपनीचा वकील चाचरला, मग म्हणाला, इंडिकेटर असताना कुणी हात का दाखवेल? स्कूटरमध्ये काही बिघाड असला पाहिजे. न्यायाधीशांनी विचारलं, "बिघाडाचा पुरावा रेकॉर्डवर आहे?" तो म्हणाला, "नाही." तेवढ्यात माझ्या शेजारी हालचाल झाली. मास्तर बाकावरून उठत होते. अर्धे उठले होते, तोंड उघडलं होतं. मी त्यांच्या शर्टाची बाही धरली आणि खाली ओढलं. ते खाली बसले. माझ्याकडे बघितलंही नाही. मी तसं करायला हवं होतं की नाही, हे मला आजही सांगता येत नाही. मुलांना मी म्हणते की प्रत्येक गणिताला उत्तर असतं.

सहा आठवड्यांनी निकाल आला. कंपनीचं अपील फेटाळलं. आमचं मंजूर. मृत मुलीनं हात दाखवून रीतसर इशारा दिला होता, तिच्याकडून कोणताही हलगर्जीपणा झालेला नाही, सबब तीस टक्क्यांची कपात रद्द. वकीलबाईंनी पेढ्यांचा विषय काढला नाही. निकालाची प्रत पाकिटात घालून मास्तरांच्या हातात दिली आणि त्यांना जिन्यापर्यंत सोडायला आल्या.

त्याच संध्याकाळी मास्तरांनी वहिनींना सगळं सांगितलं. मला त्यांनी मुद्दाम थांबवून घेतलं होतं, बहुतेक धीर व्हावा म्हणून. वहिनी भाजी निवडत होत्या. ऐकता ऐकता हात थांबले.

"किती दिवस?" त्यांनी विचारलं.

"नऊ."

"मला सांगितलं असतंत, तर मी तिला बसनं पाठवलं असतं." बस्स, एवढंच. भाजी तशीच टाकून त्या भिंगरीच्या खोलीत गेल्या आणि दार लोटून घेतलं. चार दिवसांनी भावाकडे गेल्या. भरपाईची रक्कम बँकेत जमा झाली तेव्हा सही करायला आल्या आणि सही करून परत गेल्या. मास्तर एकटेच स्वयंपाक करायचे. सकाळी इस्त्री करून, वेळेवर गाडीत येऊन बसायचे. मी दोनदा वहिनींना फोन केला. त्या माझ्या सासूबाईंच्या गुडघ्यांची चौकशी करायच्या.

सातव्या आठवड्यात, एका रविवारी, मी मास्तरांकडे डबा घेऊन गेले तर दारात वहिनींची बॅग. त्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसल्या होत्या, प्रवासातले कपडेही बदलले नव्हते. मास्तर ओट्याला टेकून उभे. मी परत फिरायला लागले, तर वहिनी म्हणाल्या, "थांबा, बाई. तुम्हीही ऐका. तुमच्यासमोर बोलले होते, तुमच्यासमोरच परत घेते."

मग मास्तरांकडे न बघता बोलल्या. "त्या दिवशी सकाळी तुम्ही सहालाच गेला होतात. ती निघताना मला म्हणाली, आई, बाबांनी स्विच आणलाय का गं? मी कणीक मळत होते. मी म्हटलं, मला काय माहीत, संध्याकाळी विचार त्यांनाच."

मास्तरांनी वर पाहिलं.

"मला माहीत होतं," वहिनी म्हणाल्या. "नऊच्या नऊ दिवस माहीत होतं. आणि मी तुम्हाला म्हटलं, बसनं पाठवलं असतं."

मास्तर खाली बसले. साध्या फरशीवर, पाय लांब करून, वहिनींच्या स्टुलाशेजारी. वहिनींनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला नाही, की ते रडले नाहीत. फक्त म्हणाले, "सकाळी बोलली का काही अजून?"

"डब्यात काय आहे म्हणाली."

"काय होतं?"

वहिनींनी सांगितलं. मास्तरांनी मान हलवली. मग वहिनी उठल्या, हात धुतले, फ्रिजवरचं पाकीट खाली घेतलं. सात वर्षांत पहिल्यांदा. निकालाची प्रत काढली आणि टेबलाशी बसून पहिल्या पानापासून वाचायला लागल्या, ओळीखाली बोट धरून, ओठ हलवत. कठीण शब्द आला की थांबायच्या आणि मास्तर फरशीवरूनच विचारायचे, "काय लिहिलंय?"